धरलेली गाडी कोणत्या वाटेनें सोडवावी?

नदीकांठच्या गांवांत राहणाऱ्या आमच्या वाचकांस हा प्रश्न परका वाटणार नाहीं. बेकायदा वाळू वाहून नेल्याच्या आरोपावरून कोणाचा तरी ट्रॅक्टर रात्रीं धरला जातो, ट्रॉलीसह तो तहसील कचेरीच्या आवारांत किंवा पोलीस ठाण्यापुढें उभा केला जातो, आणि दुसऱ्या दिवशीं सकाळीं त्या घरांत एकच विचार चालतो: गाडी परत कशी मिळेल? जो तो आपापली युक्ति सांगतो. एक म्हणतो, अमक्या पुढाऱ्यास भेटा. दुसरा म्हणतो, कारकुनाच्या हातावर कांहीं ठेवा. तिसरा म्हणतो, मागच्या तारखेची पावती मीं मिळवून देतों. चवथा म्हणतो, आरोप खोटा असला तरी काय झालें, दंड भरा आणि मोकळे व्हा. गाडी कशी सोडवावी हें सांगणारे पुष्कळ मिळतात. परंतु ती ज्या वाटेनें सुटेल त्या वाटेनें सोडविणाराचें स्वतःचें काय होईल, हें विचारणारा क्वचितच भेटतो. तोच विचार आज वाचकांपुढें ठेवावा असें आम्हांस वाटतें.

बोलणें अधांतरीं राहूं नये म्हणून एक ठिकाण डोळ्यांपुढें घेऊं. पुणें जिल्ह्यांतील बारामती तालुक्यांत, नीरा नदीच्या उत्तरेस, सोमेश्वरनगर ही वस्ती आहे. सोमेश्वर सहकारी साखर कारखान्याभोंवतीं ती वाढली. नीरेच्या डाव्या कालव्याचें पाणी आणि त्यावर पिकणारा ऊंस ह्यांवर त्या टापूचा संसार चालतो. कारखान्याचें गाळप साधारणपणें दिवाळीच्या सुमारास सुरू होतें आणि उन्हाळ्याच्या तोंडीं संपतें. तेवढे महिने ट्रॅक्टर ऊंस ओढतो. पुढें मशागतीचें काम सोडलें तर तो बराच काळ दारांत उभा राहतो. कर्जाचा हप्ता मात्र हंगाम पाहून थांबत नाहीं. जवळच नदीचें पात्र आहे. शहरांत आणि खेड्यांत घरें बांधलीं जात आहेत. वाळूला गिऱ्हाईक आहे. आणि रात्रींच्या एका खेपेचे पैसे रोख व झटपट हातीं येतात. मोह शिरतो तो ह्या दारानें शिरतो. तो केवळ लोभी मनुष्यासच गांठतो असें नाहीं. कर्जानें वांकलेल्या कष्टाळू मनुष्यासही गांठतो. म्हणून त्या मनुष्याविषयीं तुच्छतेनें बोलणें आम्हांस रुचत नाहीं.

प्रथम कायदा काय म्हणतो तें समजून घेऊं. कारण अज्ञानामुळेंच पुष्कळ जण दलालाच्या हातीं सांपडतात. नदीच्या पात्रांतील वाळू हें गौण खनिज होय. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६, हिच्या ४८ व्या कलमांत खनिजांवरील सरकारच्या हक्काची व्यवस्था लाविली आहे. परवान्यावांचून वाळू काढली, उचलली किंवा वाहून नेली, तर तिच्या बाजारभावाच्या पांच पटींपर्यंत दंड करण्याचा अधिकार त्या कलमाचें सातवें पोटकलम देतें. आठव्या पोटकलमान्वयें, जिल्हाधिकाऱ्यानें अधिकार दिलेल्या व तहसीलदाराच्या दर्जाहून कमी नसलेल्या अधिकाऱ्यास वाहन आणि यंत्रें जप्त करितां येतात. असें वाहन ४८ तासांच्या आंत उपजिल्हाधिकाऱ्याच्या दर्जाच्या अधिकृत अधिकाऱ्यापुढें मांडावें, आणि मालकानें ठरलेला दंड भरून जातमुचलका लिहून दिल्यास तें सोडतां यावें, अशी त्यांत तजवीज आहे. जानेवारी २०१८ मध्यें प्रसिद्ध झालेल्या नियमांनीं ट्रॅक्टर-ट्रॉलीकरितां हा दंड १ लाख रुपये आणि माती उकरणाऱ्या मोठ्या यंत्राकरितां ७ लाख ५० हजार रुपये ठरविला. वाळूच्या किमतीवर बसणारा पांचपट दंड ह्याहून वेगळा. समजा, ट्रॉलींत एक ब्रास, म्हणजे १०० घनफूट, वाळू होती आणि तिचा भाव ६,००० रुपये धरला. तर पांचपटीचे ३०,००० आणि वाहनाचे १,००,००० मिळून १,३०,००० रुपये होतात. लहान शेतकऱ्याच्या घरीं ही रक्कम म्हणजे कित्येक महिन्यांची भाकरी आहे.

पोलिसांनीं चोरीचा गुन्हा नोंदवून वाहन अडकविलें असेल तर मार्ग निराळा. तेथें न्यायदंडाधिकाऱ्याच्या कोर्टांत अर्ज करावा लागतो. म्हणून गाडी कोणी धरली, कोणत्या कायद्यान्वयें धरली, आणि जप्तीचा पंचनामा कोठें आहे, हें आधीं विचारून घ्यावें, व पंचनाम्याची नक्कल मागावी. महसूल खात्याचा निर्णय मान्य नसेल तर वरिष्ठ अधिकाऱ्याकडे अपील करितां येतें. जिल्हाधिकाऱ्याहून खालच्या अधिकाऱ्याच्या निर्णयावरील अपिलाची मुदत ६० दिवसांची आहे. सरळ वाट ही अशी आहे. ती लांब असेल, खर्चाची असेल. परंतु वाट नाहींच असें कोणास म्हणतां येणार नाहीं.

आतां एक आक्षेप पुष्कळांच्या मनांत असतो, त्याचें उत्तर दिल्यावांचून पुढें जातां येत नाहीं. लोक म्हणतात, "नदी कोणी केली? पाऊस पडतो, पूर येतो, डोंगरची वाळू वाहून खालीं येते. ती कोणी पेरली नाहीं, कोणी राखली नाहीं. मग ती उचलली तर चोरी कोणाची?" हा प्रश्न दिसतो तितका पोरकट नाहीं. वाळू पेरली जात नाहीं हें खरें; परंतु ती पात्रांत पडून राहते तेव्हां रिकामी बसत नाहीं. पावसाळ्याचें पाणी ती आपल्या पोटांत धरून ठेवते आणि कांठच्या विहिरींस तें हळूहळू पुरविते. पात्र खरवडून खडकापर्यंत नेलें कीं पाणी थांबत नाहीं, दरडी कोसळतात, आणि उकरलेल्या डोहांत पोहणारीं मुलें बुडतात. ज्याची विहीर आटते त्याच्या घरांत कोणी दार फोडून शिरलेलें नसतें. तरी त्याचें पाणी नेलेलें असतें. तेव्हां चोरी कोणाची, ह्याचें उत्तर आहे: शेजाऱ्याची, आणि ज्या मुलांनीं अजून पहिला घोट घेतला नाहीं त्यांची. सर्वोच्च न्यायालयानें २०१२ मध्यें हरियानाच्या एका प्रकरणांत असें ठरविलें कीं, लहान क्षेत्रांतील गौण खनिजाच्या उत्खननासही पर्यावरणाची पूर्वपरवानगी पाहिजे. आणि २०१४ मध्यें दिल्लीच्या प्रकरणांत असें सांगितलें कीं, परवान्यावांचून वाळू नेणारावर खनिजांच्या कायद्याशिवाय चोरीचाही खटला चालूं शकतो. न्यायालयानें जें नांव दिलें तें नांव विहीर आटलेल्या शेतकऱ्याच्या मनांत आधींच होतें.

"माझ्या एका ट्रॉलीनें नदी कोरडी पडत नाहीं," असेंही कोणी म्हणतो. तेंही खरें, परंतु नदी कोरडी करणारी अशी एकच मोठी ट्रॉली कधीं कोणी पाहिली आहे काय? नीरा नदी पुढें इंदापूर तालुक्यांत नरसिंहपुराजवळ भीमेस मिळते. त्याच तालुक्यांत उजनी धरणाच्या फुगवट्यांतून वाळू उपसणाऱ्या यांत्रिक होड्या सरकारी पथकांनीं पकडून नष्ट केल्याच्या बातम्या गेल्या कांहीं वर्षांत वारंवार आल्या आहेत. त्या होडीचा मालक आपण मोठा गुन्हेगार असून ट्रॅक्टरवाला लहान, असें म्हणत नसेल. तो आपल्याहून मोठ्या कोणाकडे तरी बोट दाखवीत असेल. मोठ्याच्या पापाआड लहान पाप लपवूं गेलें तर जगांत अपराधी असा कोणी उरतच नाहीं.

सरकारचेंही कर्तव्य येथेंच सांगितलें पाहिजे. घरें बांधावयाचीं तर वाळू पाहिजे, आणि कायदेशीर वाळू सुलभ नसेल तर बेकायदा वाळूला बाजार मिळणारच. २०२३ मध्यें महाराष्ट्र सरकारनें डेपोंतून ६०० रुपये ब्रास ह्या दरानें वाळू देण्याचें धोरण काढलें. २०२५ मध्यें तें बदलून पुन्हां लिलावाची पद्धत स्वीकारली, घरकुल बांधणारांस ५ ब्रासपर्यंत वाळू विनामूल्य देण्याची तरतूद केली, आणि दगड दळून केलेल्या कृत्रिम वाळूस उत्तेजन देण्याचें ठरविलें. हे प्रयत्न सफळ होतील तितका रात्रींचा धंदा मंदावेल. परंतु सरकारची उणीव दाखविली म्हणजे आपला हिशेब चुकता झाला असें मात्र होत नाहीं.

ह्या पार्श्वभूमीवर गाडी सोडविण्याच्या आडवाटा पाहूं. पहिली वाट जबरदस्तीची. पथक आलें असतां गाडी अंगावर घालून पळून जाणें, किंवा जप्त केलेला ट्रॅक्टर रात्रीं आवारांतून काढून नेणें, ही ती वाट होय. ती कोठें नेते हें मध्यप्रदेशांतील मोरेना जिल्ह्यांत ८ मार्च २०१२ रोजीं सर्वांस दिसलें. बेकायदा दगड वाहून नेणारा एक ट्रॅक्टर अडवूं पाहणारे तरुण पोलीस अधिकारी नरेंद्रकुमार त्याच ट्रॅक्टरखालीं सांपडून मेले. एका ट्रॉलीभर दगडांची किंमत किती? आणि त्या मोबदल्यांत काय गेलें? गाडी पळविणारा मनुष्य घरून निघतांना खून करावयास निघालेला नसतो. गाडी वांचवावयास निघालेला असतो. परंतु वस्तूची भीड माणसाहून मोठी झाली कीं मधलें अंतर फार थोडें उरतें.

दुसरी वाट वशिल्याची आणि लांचेची. ह्या वाटेनें गाडी लवकर सुटते असें लोक म्हणतात. सुटत असेलही, पण जो अधिकारी आज पैसे घेऊन सोडतो त्यास उद्यां पैशांकरितां धरण्याची संवय लागते, आणि मग ज्यानें वाळूचा कण उचलला नाहीं त्याचीही गाडी धरली जाते. लांच देणारा आपल्या एकट्याची अडचण दूर करीत नाहीं. तो सगळ्या रस्त्यावर एक नाकें बसवून जातो. तिसरी वाट खोट्या कागदाची: मागच्या तारखेचा वाहतूक पास, दुसऱ्याच्या नांवाची पावती, किंवा घटकाभर आधीं ठरविलेला साक्षीदार. ह्या वाटेचा दोष असा कीं ती मनुष्य एकट्यानें चालूं शकत नाहीं. त्यास चालक लागतो, पावती देणारा लागतो, साक्षीस शेजारी लागतो. आणि एक गाडी सोडविण्यासाठीं चार घरांत खोटेपणा पेरला जातो. पुढें ह्या चौघांपैकीं कोणी कोणावर विश्वास ठेवावा?

येथवर जें लिहिलें तें कोणीही समंजस मनुष्य मान्य करील. खरा कठीण प्रश्न ह्यापुढें आहे. समजा, आरोपच खोटा आहे. वाळू परवान्याच्या ठिकाणाहून पैसे देऊन घेतली होती. वाटेंत चाक फुटलें, पासावरील वेळ टळून गेली, आणि गाडी धरली गेली. किंवा ट्रॉलींत नदीची वाळू नव्हतीच, खडीच्या कारखान्यांतील दगडाची वाळू होती; अंधारांत ती कोणी ओळखली नाहीं. चौकशीस महिना लागणार. इकडे गाळप सुरू झालें आहे, ऊंस वाहण्याचा करार झाला आहे, तोडणीची टोळी येऊन बसली आहे. अशा वेळीं जो म्हणतो, "भर दंड आणि ने गाडी," त्याचा सल्ला ऐकावा काय? न केलेल्या अपराधाचा दंड भरणें हें असत्य नव्हे काय?

एका पक्षाचें म्हणणें असें: दंड भरणें म्हणजे कबुली. निर्दोष मनुष्यानें हंगाम बुडाला तरी चालेल, पण कबुली देऊं नये. दुसरा पक्ष म्हणतो: वाटेंत कोणी अडवून पैसे मागितले आणि आपण मुलाबाळांकडे पाहून ते दिले, तर आपण चोर ठरत नाहीं, तसेंच हें. आमच्या मतें दोन्ही पक्षांनीं एक भेद लक्षांत घेतला नाहीं. पैसा निराळा आणि शब्द निराळा. पैसा नाइलाजानें देतां येतो. त्यांत खरें-खोटें असें कांहीं नसतें. खरें-खोटें असतें तें आपण काय बोललों आणि कोणत्या कागदावर सही केली ह्यांत. म्हणून ज्यास हंगामाकरितां गाडी पाहिजेच आहे त्यानें रक्कम भरण्यास हरकत नाहीं. मात्र अर्जांत स्पष्ट लिहावें कीं, आरोप मान्य नाहीं, ही रक्कम गाडी सुटण्यापुरती, हरकत राखून भरीत आहे, आणि निर्णयावर अपील करण्याचा हक्क सोडलेला नाहीं. मग मुदतींत खरोखर अपील करावें. असें करणारानें खोटें बोललें असें कोणी म्हणूं शकणार नाहीं.

परंतु "मीं बेकायदा वाळू नेली" असा तयार छापील मजकूर पुढें आला, आणि तो खोटा असेल, तर त्यावर सही करूं नये. ह्यांत केवळ मनाची शुद्धि राखावयाची आहे असें नाहीं. त्या सहीचीं फळें पुढें येतात. दुसऱ्यांदा गाडी अडली तर हा मुरलेला गुन्हेगार असें त्याच कागदावरून ठरेल. गाडी चालविणारा गरीब गडी आपल्या धन्याच्या कबुलीनें आपोआप अपराधी होईल. आणि ज्यानें चौकशी न करितां गाडी धरली त्यास कळेल कीं, निर्दोष माणसेंही मुकाट्यानें सही करितात. मग चौकशीची त्यास गरज काय? जो निर्दोष मनुष्य आपलें म्हणणें लेखी नोंदवितो तो आपल्यापुरतें बोलत नाहीं. पुढच्या निर्दोष माणसाची वाट तो मोकळी ठेवितो. कोणी ह्याहून पुढें जाऊन, एक पैही न देतां न्याय मिळेपर्यंत थांबेन म्हणेल, तर त्याचा आम्ही आदर करूं. पण ज्याच्या घरीं चूल त्या ट्रॅक्टरावरच पेटते त्याच्याकडून तें मागण्याचा अधिकार कोणास नाहीं.

ह्याच न्यायानें अपराधी मनुष्याचाही विचार झाला पाहिजे. ज्यानें खरोखर वाळू नेली त्यास हरकत राखण्याचें सोंग करण्याचा अधिकार नाहीं. कायदा त्याच्याकडून कबुलीची जबरदस्ती करीत नाहीं. गप्प राहण्याची त्यास मोकळीक आहे. दंड फार झाला, हप्त्यांची सवलत मिळावी, मोजमाप चुकीचें झालें, हेंही त्यानें मोकळेपणानें म्हणावें, कारण अपराध्याससुद्धां अधिक दंड होऊं नये. पण "तो मीं नव्हेच" असें त्यानें म्हणूं नये. खोट्या नकारानें सुटलेली गाडी दारांत आली तरी घरांतील मुलांस ठाऊक असतें कीं ती कशी सुटली. बापानें शिकविलेला दुसरा कोणताही धडा तीं इतक्या लवकर शिकत नाहींत.

मग मालक म्हणतो, "मला ठाऊकच नव्हतें. गाडी भाड्यानें दिली होती. गड्यानें परस्पर खेप केली." हें कधीं खरें असतें, कधीं सोयीचें असतें. जुन्या करारांतील निर्गमाच्या पुस्तकांत मारक्या बैलाविषयीं एक नियम आहे. बैलानें मनुष्यास ठार मारिलें तर मालक निर्दोष ठरे. परंतु बैल पूर्वींपासून मारका असून मालकास तशी सूचना दिलेली असतां त्यानें त्यास बांधलें नसेल, तर मालकही दोषी ठरे. ह्या नियमांतील शहाणपण आजही उपयोगी आहे. न कळलेल्या गोष्टीचा जाब मागूं नये. पण कळण्यासारखी असून न कळून घेतलेल्या गोष्टीचा जाब चुकत नाहीं. ज्याचा ट्रॅक्टर रात्रीं बाहेर जातो, पहांटे ओल्या ट्रॉलीसह परत येतो, आणि डिझेलाचा हिशेब ज्यास जुळत नाहीं, त्यानें "मला ठाऊक नव्हतें" हें वाक्य जपून उच्चारावें. आणि गड्यानें मालकाच्याच सांगण्यावरून खेप केली असेल, तर पकडल्यावर सगळा भार त्याच्या डोक्यावर टाकून गाडी सोडवूं पाहणें हें आम्हांस वाळूच्या चोरीहून अधिक नीच वाटतें. गाडीला दंड आहे, पण सुटकाही आहे. तुरुंगांत गेलेल्या गड्याचे दिवस कोण परत करणार?

आतां धरणाराच्या बाजूकडे वळूं. कारण न्यायाची मागणी एकट्या प्रजेकडून करणें हा अर्धा न्याय झाला. आमच्या गांवांस कोंडवाडा नवा नाहीं. १८७१ चा गुरांच्या अतिक्रमणाचा कायदा असें सांगतो कीं, पिकांत शिरलेलें जनावर कोंडवाड्यांत घालावें. पण कोंडवाडा राखणारानें त्यास चारा-पाणी द्यावें, आणि मालकानें दंड व चाऱ्याचा खर्च भरल्यावर तें परत करावें. इतकेंच नव्हे, तर जनावर विनाकारण कोंडलें असेल तर मालकानें १० दिवसांच्या आंत मॅजिस्ट्रेटाकडे तक्रार करावी, आणि ती खरी ठरल्यास धरणाराकडून मालकास १०० रुपयांपर्यंत भरपाई द्यावी, अशीही त्यांत तरतूद होती. परक्या सरकारनें केलेल्या त्या कायद्यासही दोन गोष्टी कळल्या होत्या: धरलेली वस्तु धरणाराच्या हवालीं असेतों ती जपण्याचें ऋण त्याच्यावर असतें, आणि चुकीनें धरणारानेंही कांहीं भरलें पाहिजे. ट्रॅक्टर चारा मागत नाहीं, म्हणून त्याची उपासमार कोणास ऐकूं येत नाहीं. तो उन्हापावसांत उभा राहतो, बॅटरी उतरते, टायर फुटतात, सुटे भाग नाहींसे होतात, आणि शेवटीं निर्दोष ठरलेल्या मालकाच्या हातीं गंजलेला सांगाडा येतो.

सर्वोच्च न्यायालयानें ही गोष्ट २००२ मध्यें ओळखली. सुंदरभाई अंबालाल देसाई ह्यांच्या प्रकरणांत त्यानें सांगितलें कीं, जप्त वाहनें पोलीस ठाण्यांच्या आवारांत दीर्घ काळ ठेवण्यांत कांहीं अर्थ नाहीं. सविस्तर पंचनामा करून, छायाचित्रें घेऊन, योग्य जामीन व हमी घेऊन त्यांच्याविषयीं लवकर हुकूम व्हावा. ह्याच्याही पूर्वीं, १९०८ च्या दिवाणी कायद्याच्या ६० व्या कलमानें कारागिराचीं हत्यारें आणि शेतकऱ्याचीं औतें व आवश्यक बैल सावकाराच्या जप्तींतून वगळलेले आहेत. त्याहून फार जुनी अशी नियमशास्त्राची आज्ञा होती कीं, कोणाचें जातें गहाण घेऊं नये, कारण त्यांत त्याचा जीवच गहाण पडतो. वाळूच्या दंडास हे नियम लागू पडतात असें आमचें म्हणणें नाहीं. ऋण निराळें आणि अपराध निराळा. परंतु त्यांतील विचार अधिकाऱ्यानें मनांत बाळगावा: ज्या वस्तूनें मनुष्य पोट भरतो ती धरली कीं त्याच्या पोटावर हात पडतो, म्हणून ती धरतांना खात्री करून घ्यावी, आणि धरल्यावर निकालास उशीर करूं नये. कायद्यानें ४८ तासांची मर्यादा घातली ती शोभेसाठीं नव्हे. विलंब हा कोणत्याही पुस्तकांत न लिहिलेला दंड आहे, आणि तो अपराधी व निरपराधी ह्या दोघांवर सारखाच बसतो. त्याबरोबर हेंही म्हटलें पाहिजे कीं, रात्रीं नदीच्या पात्रांत उतरून, जिवावर उदार होऊन आपलें काम करणारा प्रामाणिक तलाठी किंवा शिपाई आपल्याच विहिरीचें रक्षण करीत असतो. त्याचा राग धरणें उचित नव्हे.

शेवटीं तो जातमुचलका. दंडाच्या रकमेपुढें त्या कागदाकडे कोणी पाहत नाहीं, आणि आमच्या मतें तोच ह्या सगळ्या प्रकरणाचा गाभा आहे. त्यांत मालक लिहून देतो कीं, हें वाहन पुढें अशा कामास लाविलें जाणार नाहीं. वाहनास वचन देतां येत नाहीं. त्याच्या वतीनें मनुष्य देतो. दंड भरला म्हणजे मागच्या खेपेचा हिशेब मिटतो. मुचलका पुढच्या सर्व रात्रींविषयीं असतो. दंड भरून काढण्यासाठीं आणखी चार खेपा कराव्या, असा विचार ज्याच्या मनांत सही करतांनाच असतो, त्यानें गाडी सोडविली असें आम्ही म्हणणार नाहीं. त्यानें आपलें वचन गहाण ठेवून गाडी आणली, आणि तें गहाण सोडविण्याचा त्याचा विचार नाहीं. ज्यास तें वचन पाळावयाचें आहे त्यानें सहीपूर्वीं घरीं बसून हिशेब करावा: हप्ता कसा फिटेल, हंगामाबाहेर गाडीस कोणतें सरळ काम मिळेल, आणि कांहींच न जुळल्यास गाडी विकून कर्ज हलकें करावें काय. अवघड आहे, पण वचन द्यावयाचें तें हिशेब करूनच द्यावें.

आणि शेजाऱ्यांनीं केवळ पाहत बसावें काय? ज्याची गाडी अडकली त्याच्या दारीं आडवाटा सांगणारे आधीं जातात, कारण त्यांस त्यांत लाभ असतो. ज्यांस कांहीं लाभ नाहीं त्यांनीं त्यांच्याही आधीं जावें. ज्यास लिहितां-वाचतां येतें त्यानें अर्ज लिहून द्यावा, पंचनामा वाचून दाखवावा, मुदतीची तारीख सांगावी. ज्याचा ट्रॅक्टर मोकळा आहे त्यानें शेजाऱ्याचा ऊंस दोन दिवस ओढून द्यावा. चार जणांनीं मिळून बिनव्याजी हातउसने पैसे द्यावे, म्हणजे त्यास सावकाराच्या किंवा वाळूच्या ठेकेदाराच्या दारीं जावें लागणार नाहीं. मनुष्य खोट्या कागदावर सही करितो तो पुष्कळ वेळां खोटा असतो म्हणून नव्हे, तर एकटा पडलेला असतो म्हणून. त्यास एकटें न सोडणें हें गांवाच्या हातीं आहे, आणि त्यास कोणत्याही सरकारी परवान्याची गरज नाहीं. खोटें न लिहितां, कोणाच्या डोक्यावर भार न टाकतां, दिलेलें वचन पाळण्याच्या निश्चयानें जी गाडी सुटते, ती कदाचित् आठ दिवस उशिरां सुटेल. पण तिच्याबरोबर तिचा धनीही सुटलेला असतो.